‘विझर्ड’ला जादूगार म्हणावं का?

प्रश्न असा आला आहे: ग्लोरीहॅमर या विनोदी मेटल बँडच्या ‘स्पेस 1992: राइज ऑफ द केऑस विझर्ड्स’ या अल्बमचं नाव मराठीत कसं सांगायचं? विचारणाऱ्यांनी ‘गोंधळी जादूगारांचा उदय’ असं करून पाहिलं आणि घरचे हसले. पण नको त्या ठिकाणी.

हसणारच. जादूगार म्हटलं की आपल्यापुढे जादूगार रघुवीर उभे राहतात, आणि गोंधळी म्हटलं की संबळ वाजायला लागतं. दोन्ही शब्द आपल्या घरातले, लाडके. त्यांना कोण घाबरणार?

‘मांत्रिक’ घेतला तर बातमी होते, जादूटोणाविरोधी कायद्याखाली अटक वगैरे. ‘चेटक्या’ बरा आहे, फक्त चेटकिणीच्या सावलीत वाढल्यामुळे जरा किरकोळ वाटतो.

माझं मत ‘यातुधान’ला. ऋग्वेदात ऋषी शपथ घेतो, मी यातुधान असेन तर आजच मरेन. यातु म्हणजे काळी विद्या. पारशांच्या अवेस्तातही हाच ‘यातु’ आहे आणि फारसीत त्याचाच ‘जादू’ झाला. यात्रेची जत्रा झाली, तसा तिकडेही ‘य’चा ‘ज’. म्हणजे जादूगार आणि यातुधान एकाच घराण्यातले. एक रंगमंचावर ससे काढायला गेला, दुसरा वेदातच राहिला. (इंग्रजी ‘विझर्ड’चं मूळ ‘वाइज’, म्हणजे शहाणा. शेपटीचा ‘अर्ड’ मात्र ‘ड्रंकर्ड’मधला, शिवीकडे झुकणारा. मूळ अर्थ अतिशहाणा असा काहीसा.)

एवढा जड शब्द विनोदी बँडला कशाला? कारण हे लोक गाताना अजिबात हसत नाहीत. 2013च्या पहिल्या अल्बममध्ये झारगोथ्रॅक्स नावाचा दुष्ट विझर्ड मेलेल्या युनिकॉर्नांची, म्हणजे एकशिंगी घोड्यांची, फौज घेऊन स्कॉटलंडमधल्या डंडी शहरावर चालून येतो आणि शेजारच्या फाइफ परगण्याचा राजपुत्र अँगस मॅकफाइफ त्याच्याशी लढतो. 2015च्या या दुसऱ्या अल्बमात, ज्यानं त्यांचं नाव खऱ्या अर्थानं झालं, हजार वर्षं उलटलेली असतात. बर्फात कैद झारगोथ्रॅक्सला केऑस विझर्ड सोडवतात आणि राजपुत्राचा वंशज, तेरावा अँगस, अंतराळात लढायला निघतो. साल 1992! हे सगळं छाती फुगवून, पोवाड्याच्या आवेशात. शब्दच विदूषकी केला तर गंमत तिथेच संपते.

‘केऑस’साठी अनागोंदी सुचवाल, पण तिला नगरपालिकेच्या कारभाराचा वास येतो. ‘अराजक’ घ्या. राजा नसणं हा त्यातला मूळ अर्थ राज्य गमावण्याच्या गोष्टीत चपखल बसतो. ‘स्पेस’ला अवकाश नको, ‘निघायला अजून अवकाश आहे’ हे आपण रोज म्हणतो.

तर ‘अंतराळ 1992: अराजकाच्या यातुधानांचा उदय’.

गाण्यांची नावं मराठीत करायला घ्याल तेव्हा डंडीचं कोल्हापूर मात्र करू नका. फाइफला आजही तिकडे ‘किंगडम’ म्हणतात, त्यामुळे तिथला राजपुत्र एक वेळ खपतो. पण टे नदीच्या समोरच्या काठावरची डंडी म्हणजे एके काळी बंगालचा ताग विणणाऱ्या गिरण्यांची आणि मुरंब्याची नगरी. मेलेले युनिकॉर्न तिथेच यायला हवेत.