घरातली बातमी पुण्याहून येते

पत्र: वय ५३, सांगलीत गावभागात राहते. हे मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात दिवाणजी आहेत. व्यसन नाही, भांडण नाही. पण बोलणं म्हणजे ‘दूध आलं का’ आणि ‘लाइट बिल भरलं का’. त्यांचा गुडघा दुखतो हे मला पुण्याच्या मुलाकडून फोनवर कळलं. २०१९ च्या पुरात नुकसान झालं, पण सावरलो. कुणाला सांगावं तर म्हणतील, सुख दुखतंय हिला!

ताई,

म्हणू देत. भांडण नसलेल्या घरातही जीव घुसमटतो.

पुराचं तुम्ही एका ओळीत उरकलंत, तिथेच मी अडले. तेव्हा तुम्ही कुठे होतात, ते कुठे होते, काहीच लिहिलेलं नाही. कृष्णेवरच्या आयर्विन पुलाशी धोक्याची पातळी ४५ फूट. त्या ऑगस्टमध्ये पाणी ५७ च्या वर गेलं. अशा वेळी बहुधा बायका-मुलं पाहुण्यांकडे जातात आणि कर्ता माणूस माडीवर सामान चढवत मागे राहतो. मग चिखल उपसला, पंचनामा झाला, विषय संपला. पंचनाम्यात फ्रिज येतो, गाद्या येतात. रात्रभर बॅटरी घेऊन जिन्याची कितवी पायरी बुडाली ते बघत बसलेल्या माणसासाठी त्यात रकाना नसतो.

माझा हा अंदाजच. पण विचारून बघा. ‘माझ्याशी बोलत का नाही?’ असं नको, त्याला ‘कुठं काय’ हे उत्तर तयार असतं. ‘त्या दिवशी आधी काय उचललंत?’ असं विचारा. तेही समोर बसवून नको. शेंगा फोडताना, गुडघ्याला तेल चोळताना. आणि पाणी चढलं की ते बघायला निम्मी सांगली पुलावर जाते, तेव्हा तुम्हीही त्यांच्याबरोबर निघा.

मुलाला मात्र सांगा, बाबांचं बाबांनाच सांगू दे. त्याचा बिचाऱ्याचा टपालवाला झालाय. आणि तुमचं काय दुखतं, हे ह्यांना कुणाकडून कळतं? पत्रात ते कुठेच नाही.

त्यांची झोप उडाली असेल, जेवण तुटलं असेल, तर मात्र वाट बघू नका. डॉक्टरांना दाखवा, टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ वर फोन फुकट लागतो, मराठीतही बोलता येतं.

पहिल्यांदा विचारलंत की ते नुसतं ‘हूं’ म्हणतील. चालेल. आठवडाभराने पुन्हा विचारा.