पैठणीचा पदर उलटा करून बघा

प्रश्न: लेकीच्या लग्नासाठी पैठणी घ्यायची आहे. इथल्या दुकानात एक आवडली. दुकानदार म्हणतो अस्सल हातमागाची. पण नणंदेचं म्हणणं, जॅकार्डवर विणली म्हणजे मशीनचीच. काय समजावं? (एक वाचक, अमळनेर)

उत्तर: ताई, जॅकार्ड वेगळं आणि यंत्रमाग वेगळा. जॅकार्ड मागाच्या माथ्यावर बसतं. ताण्याचे, म्हणजे मागावर लांबीत ताणलेले, कोणते धागे उचलायचे, एवढंच ते ठरवतं. नक्षीच्या दर ओळीला भोकं पाडलेला एक पुठ्ठा असतो. भोक असेल तिथे सुई आत शिरते, आकडा उचलला जातो, धागा वर येतो. भोक नसेल तिथला धागा खालीच राहतो. फ्रान्समधल्या ल्यों शहरात जोसेफ मारी जाकार यांनी १८०४ च्या सुमारास हे यंत्र सिद्ध केलं. त्याआधी दोऱ्या ओढायला मागाशी वेगळा माणूस लागे. येवल्यात आडवा धागा नेणारा धोटा हाताने टाकणारे विणकरही जॅकार्ड लावतात, तेव्हा नुसत्या त्या शब्दावरून साडी मशीनची ठरत नाही.

खरी परीक्षा पदराची. आमची आई दुकानात बसली की पहिलं वाक्य हेच: "भाऊ, पदर उलटा करीसन दखाड." हातविणीच्या पदरात प्रत्येक रंगाची वेगळी छोटी कांडी, म्हणजे धागा गुंडाळलेली नळी, असते. मोराच्या मानेचा निळा धागा मानेच्या कडेपर्यंतच जातो, शेजारच्या रंगात अडकतो आणि तिथूनच माघारी फिरतो. त्यामुळे मोर मागूनही तसाच, स्वच्छ दिसतो. मागे लांब सुटे धागे लोंबत असतील, किंवा ते कापल्याची कुसळं हाताला लागत असतील, तर ती नक्षी अशी कांडी-कांडीने विणलेली नाही. भरगच्च पदराला विणकराचे महिने जातात. किंमत त्याचीच असते.

पदराची नक्षी जॅकार्डवर काढलेली साडी घेण्यात कमीपणा मुळीच नाही, लेकीला शोभेलच. फक्त तिला कांडी-कांडीने विणलेल्या पदराचा भाव देऊ नका, माझा जीव तिथे तुटतो. जमलं तर रेल्वेने मनमाड गाठा, येवला तिथून जवळच आहे. मागावर चढलेला पदर डोळ्यांनी बघून घ्या. आणि 'सिल्क मार्क'च्या लेबलावर विसंबू नका. ते रेशीम शुद्ध असल्याचं सांगतं, साडी हाताने विणल्याचं नाही. बिलावर 'हातमाग' असं लिहून मागा.