रोल मिळत नाही, मग लिहूनच टाकू का?

प्रश्न : ताई, मी डोंबिवलीची, कॉलेजपासून एकांकिका करतेय. आता रोजची नोकरी आणि सुट्टीच्या दिवशी वर्सोव्याच्या आरामनगरला ऑडिशन. दरवेळी हिरोची बहीण नाहीतर ऑफिसातली मैत्रीण, दोन वाक्यं की संपलं. परवा 'अनदर अर्थ' हा इंग्रजी पिक्चर बघितला, त्यातली नटी ब्रिट मार्लिंग, तिने म्हणे तो स्वतःच लिहिलाय. असं आपल्याकडे जमेल का? नोकरी सोडून लिहायला बसू?

उत्तर : नोकरी सोडू नकोस, आधी तेवढं ठरव मग पुढचं वाच. मार्लिंगने गोल्डमन सॅक्स या बड्या बँकेची नोकरी नाकारली हे सगळे कौतुकाने सांगतात, पण ते अर्धंच झालं. जॉर्जटाउन युनिव्हर्सिटीत इकॉनॉमिक्स शिकताना तिला माइक केहिल आणि झाल बॅटमंगलिज भेटले, पुढे तिघांनी मिळून लॉस एंजेलिस गाठलं, तिथे तिलाही हॉरर पिक्चरमधल्या किंचाळणाऱ्या पोरींचेच रोल येत होते, मग 'अनदर अर्थ'ची स्क्रिप्ट केहिलबरोबर लिहिली, 'साउंड ऑफ माय व्हॉइस'ची झालबरोबर, आणि २०११च्या सनडान्स फेस्टिव्हलला दोन्ही पिक्चर एकदमच लागले, दोन्ही फॉक्स सर्चलाइट या कंपनीने वितरणासाठी घेतले. एकटीने काही झालेलं नाही.

आता 'अनदर अर्थ' परत बघ, पण खर्चाच्या नजरेने. आकाशात अख्खी दुसरी पृथ्वी लटकलीय आणि पिक्चर बराचसा घडतो एका पसारा पडलेल्या घरात, कारण मार्लिंगच्या नायिकेने दारू पिऊन गाडी ठोकल्यामुळे ज्याची बायको-मुलगा गेले त्याच्याकडेच ही ओळख लपवून साफसफाईला जाते. दोन माणसं, एक घर. एवढं तर डोंबिवलीतही आहे की.

आणि रोल लिहू नकोस गं, गोष्ट लिही. नटीने स्वतःसाठी लिहिलेली स्क्रिप्ट दुसऱ्या पानावर ओळखू येते, ही रडणार आणि बाकीचे हिला पाणी आणून देणार! मार्लिंगचा 'साउंड ऑफ माय व्हॉइस' बघ, त्यात ती २०५४ सालातून आलेय म्हणणारी गूढ बाई आहे, मोक्याचा रोल, पण आपण तिला बघतो ते तिचं बिंग फोडायला आलेल्या जोडप्याच्या नजरेतून. स्वतःसाठी लिहिताना एवढं मागे सरकणं सोपं नसतं.

तुझ्या ग्रुपमध्ये कॅमेरा, एडिटिंग येणारं कुणीतरी असेलच, त्यांना धर आणि आधी एक शॉर्टफिल्म करा. लोकलमधला सीन टाळ, रेल्वेची परवानगी लागते, फी भरावी लागते. स्क्रिप्ट कुणाला मेल करायच्या आधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनची मेंबर हो आणि ऑनलाइन रजिस्टर कर. क्रेडिट कुणाला काय तेही पहिल्याच दिवशी लिहून घ्या, मित्र असलात तरी, नव्हे मित्र आहात म्हणूनच, कारण यावरून एकमेकांची तोंडं न बघणारे वर्सोव्यात ढीगभर आहेत. मोठी स्क्रिप्ट तयार झाली की मग एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळाची स्क्रीनरायटर्स लॅब आणि गोव्याचा फिल्म बाजार, जिथे निर्माते भेटतात, आत्ताच त्याच्या मागे लागू नकोस.

प्रश्न : ब्रिट मार्लिंगच्याच 'द ओए' सिरीजचा तिसरा सीझन कधी?

उत्तर : येणार नाही. तिने आणि झालने पाच सीझनचा आराखडा केला होता, पण दोन झाल्यावर २०१९मध्ये नेटफ्लिक्सने सिरीज बंद केली, एका फॅनने तर नेटफ्लिक्सच्या लॉस एंजेलिसच्या ऑफिसबाहेर उपोषण केलं, तरी नाही. दुसरा सीझन भलत्याच ठिकाणी तुटतो, बघितलात तर मला शिव्या देऊ नका.