थकलेला पगार: दाद कुठे मागायची?

प्रश्न: शिवाजी विद्यापीठाशी संलग्न, विनाअनुदानित इंजिनिअरिंग कॉलेजात मी आठ वर्षे सहायक प्राध्यापक आहे. नेमणुकीला विद्यापीठाची मान्यता आहे. चौदा महिन्यांचा पगार थकला आहे. कामगार कार्यालयाने ‘हे आमच्याकडे येत नाही’ म्हणून परत पाठवले. सचिव म्हणतात, शासनाकडून शिष्यवृत्तीचे पैसे आले की देऊ. काय करावे? राजीनामा द्यावा का?
– एक वाचक, गारगोटी

उत्तर: कामगार कार्यालयाचे म्हणणे बरोबर आहे. शिक्षक हा (2025 पर्यंत लागू असलेल्या) औद्योगिक विवाद कायद्यातला ‘कामगार’ नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1988 मध्ये ए. सुंदरंबाळ खटल्यात ठरवले. तिथे खेपा घालण्यात वेळ जातो, आणि तुमच्याकडे तोच कमी आहे. पगाराच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत असते आणि ती दर महिन्याच्या पगाराला वेगळी मोजतात. जून 2024 चा पगार जुलैच्या पहिल्या आठवड्यात देय झाला असेल, तर त्याची मुदत जुलै 2027 मध्ये संपते. नोटीस, निवेदन, साखळी उपोषण यांपैकी कशानेही ती थांबत नाही.

मुदत नव्याने सुरू मात्र होऊ शकते. संस्थेने मुदतीच्या आत, सहीनिशी, लेखी देणे कबूल केले की त्या तारखेपासून पुन्हा तीन वर्षे मिळतात. म्हणून सचिवांचे तोंडी आश्वासन कागदावर आणा. देय, मिळालेला, बाकी असा महिनावार तक्ता करून प्राचार्यांमार्फत द्या आणि दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्टने पाठवून पोहोच जपा. सोबत नेमणूक आदेश, विद्यापीठाचे मान्यता पत्र, मस्टरच्या प्रती, बँक स्टेटमेंट आणि पीएफचे पासबुक काढून ठेवा. फॉर्म 26एएस, म्हणजे तुमच्या नावे कापलेल्या कराचा आयकर खात्याकडचा तक्ता, तोही पाहा. न दिलेल्या महिन्यांचा पगार तिथे दिल्याचे दिसत असेल, तर तो कागद संस्थेला फार महागात पडतो.

शिष्यवृत्तीची सबब टिकत नाही. तो हिशेब संस्था आणि शासन यांच्यातला. शिवाय फी ठरवून घेताना संस्था शुल्क नियामक प्राधिकरणापुढे पगाराचा खर्च मांडते. त्या प्रस्तावाची प्रत माहिती अधिकारात प्राधिकरणाकडेच मागा. शुल्क 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस.

दाद मागताना आधी विद्यापीठाच्या तक्रार निवारण समितीकडे अर्ज करा (महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायदा 2016, कलम 79). सहकाऱ्यांचेही पगार थकले असतील, तर रकमा वेगळ्या असल्याने प्रत्येकाने स्वतंत्र अर्ज केलेला बरा. याच कायद्याखालच्या विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडे जाऊ नका. तिथले कलम 81 चे अपील बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा आदेशांविरुद्ध असते आणि त्याला 30 दिवसांची मुदत असते.

समितीकडून काम झाले नाही तर उच्च न्यायालयात रिट, म्हणजे कायद्याने बांधलेले कर्तव्य पार पाडायला लावण्यासाठीचा अर्ज. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरातच मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) बसते, त्यामुळे मुंबईच्या फेऱ्या वाचल्या. मात्र सर्वोच्च न्यायालयाच्या 2022 च्या सेंट मेरीज निकालानुसार, निव्वळ खासगी कराराच्या नोकरीचा वाद रिटमध्ये चालत नाही. सेवाशर्तींना कायद्याचा आधार दाखवावा लागतो. तुमचे मान्यता पत्र इथे कामी येते. मान्यता नसलेल्या, ठोक मानधनावरच्या सहकाऱ्यांनी सरळ दिवाणी दावा लावावा. संस्थेने रकमेवरच वाद घातला तर तुमच्यासाठीही दिवाणी न्यायालय बरे, कारण रिटमध्ये साक्षीपुरावे सहसा घेत नाहीत.

राजीनाम्याची घाई नको. द्यायचाच झाला, तर कार्यमुक्तीच्या वेळी ‘माझे काहीही येणे नाही’ असा कागद पुढे येईल. नेमके इथेच पुष्कळजण फसतात. त्यावर सही करू नका. केलीच तर ‘थकीत पगाराचा हक्क राखून’ असे स्वतःच्या हाताने लिहा. ग्रॅच्युइटी मात्र कामगार कायद्यानेच मिळते, शिक्षकांनाही. शेवटचा मूळ पगार व महागाई भत्ता मिळून 52,000 रुपये धरला, तर भागिले 26, गुणिले 15, गुणिले 8 वर्षे: 2,40,000 रुपये.

प्रश्न: मी अनुदानित ज्युनिअर कॉलेजात आहे. मलाही हेच लागू का?
– वाचक, कागल

उत्तर: नाही. ज्युनिअर कॉलेजला 1977 चा खासगी शाळा कर्मचारी कायदा लागू होतो, विद्यापीठ कायदा नव्हे. अर्ज मुख्याध्यापक किंवा प्राचार्यांमार्फत शिक्षण खात्याकडे करा. तीन वर्षांची काळजी मात्र तुम्हालाही आहे: उशिरा रिट केल्यास थकबाकी साधारणपणे अर्जाआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते.