राजकीय सल्लागार व्हायला अमेरिकेत येताय, तर

तुमचा प्रश्न असा: २०२४ च्या विधानसभेला एका उमेदवाराची वॉररूम सांभाळलीत, वर्तमानपत्रात अधूनमधून लेख येतात, विचार उजवे. आता वॉशिंग्टनला जाऊन पोलिटिकल मॅनेजमेंटमध्ये मास्टर्स करायचं आणि पुढे रिपब्लिकन बाजूला सल्लागार आणि स्तंभलेखक व्हायचं. बरोबर बायको आणि पाच वर्षांची मुलगी. "ताई, जमेल का?" दोन ओळींत उत्तर देऊन मोकळी होणार होते. पाच वर्षांची मुलगी वाचलं आणि बसले लिहायला.

व्हिसाचे प्रकार, मुदती, कागद सगळं सरकारी साइटवर आहे, तिथेच वाचा. एवढं मात्र डोक्यात असू द्या की ज्या बाजूसाठी राबायचं म्हणताय, त्याच बाजूच्या सरकारने सप्टेंबर २०२५ मध्ये बाहेरून येणाऱ्यांच्या नव्या एच-वन-बीवर, म्हणजे नोकरीच्या व्हिसावर, एक लाख डॉलर फी लावली. विनोद समजा किंवा सूचना.

प्रचारमोहिमेत थेट नोकरी धरू नका. नोव्हेंबरातल्या त्या मंगळवारी मतदान होतं आणि बुधवारी सकाळी अख्खं ऑफिस बेकार असतं. इथली पोरं आईबापांकडे जाऊन पडतात, जानेवारीत नवा उमेदवार गाठतात. एच-वन-बीवाल्याची नोकरी सुटली की हातात ६० दिवस. म्हणून मोहिमांना माल पुरवणारी फर्म बघा: डायरेक्ट मेल म्हणजे टपालाने देणग्या आणि मतं मागणारी पत्रं, पोलिंग म्हणजे जनमत चाचण्या, डेटा. वॉशिंग्टनला लागून व्हर्जिनियातल्या आर्लिंग्टन-अलेक्झांड्रियाच्या पट्ट्यात अशा पुष्कळ आहेत, आणि व्हर्जिनियाची राज्याची निवडणूक विषम वर्षी येत असल्याने मधल्या वर्षीही चूल पेटती राहते. डिग्रीचंही तसंच. पोलिटिकल मॅनेजमेंटनंतर कामाला एकच वर्ष मिळतं, संख्याशास्त्र किंवा डेटा सायन्स केलंत तर वर आणखी दोन. आकड्यांशी वैर नसेल तर तेच करा. प्रचाराचं तंत्र आर्लिंग्टनच्या लीडरशिप इन्स्टिट्यूटच्या छोट्या कोर्सांत शिकता येतं. मॉर्टन ब्लॅकवेल यांनी ती १९७९ मध्ये काढली, आणि या बाजूला भेटणारे कितीतरी जण तिथून गेलेले असतात.

मी डायरेक्ट मेलमध्ये शिरले, डोंबिवलीहून थेट. या धंद्याचा मूळपुरुष रिचर्ड व्हिगरी. १९६४ मध्ये राष्ट्राध्यक्षपदाचे रिपब्लिकन उमेदवार गोल्डवॉटर पडले, तेव्हा त्यांना देणग्या देणाऱ्यांची नावं या माणसाने सरकारी नोंदींतून हाताने उतरवून घेतली आणि त्या यादीवर फर्म उभी केली. अजूनही यादी हेच भांडवल. पत्र चार पानी, टाइपरायटरछाप अक्षर, मधल्या ओळींखाली पेनने मारल्यासारखी निळी रेघ. खाली ताजा कलम. लोक पाकीट फोडून आधी सही बघतात, मग ताजा कलम वाचतात, आणि चेक लिहायचा की नाही ते तिथेच ठरतं. माझे ताजे कलम चांगले उतरायचे. 'माझ्या आजोबांनी ही जमीन नांगरली' हे आयोवातल्या उमेदवाराच्या तोंडचं वाक्य मी लिहिलंय. सीमा बंद करा म्हणणारी पत्रंही लिहिली, स्वतःची ग्रीन कार्डची फाइल रांगेत असताना. नोकरीवरची ग्रीन कार्डं वर्षाला साधारण १,४०,००० आणि एका देशाला त्यातली ७ टक्के, म्हणजे आपली रांग केवढी ते बघा. लाज वाटली का, असं नवऱ्याने विचारलं होतं. मी रांगेतून आले, रांग मोडणाऱ्यांविरुद्ध लिहिते, असं त्याला सांगितलं. अजूनही तेच सांगते. त्याने पुन्हा विचारलेलं नाही.

कायद्याची एक गोष्ट तुम्हाला कोणी सांगणार नाही. निवडणुकीत पैसा कुठे, किती खर्चायचा या निर्णयात परदेशी नागरिकाने भाग घ्यायचा नसतो. ग्रीन कार्ड असेल तर चालतं, एच-वन-बी असेल तर नाही. मजकूर मी लिहायचा. पण कुठल्या काउंटीत, म्हणजे जिल्ह्यात, किती पाकिटं टाकायची हा विषय निघाला की वकील माझ्याकडे बघायचा आणि मी वही उचलून बाहेर. कॉफीच्या मशीनशी उभं राहायचं, आतून हसण्याचा आवाज यायचा. वर्षानुवर्षं.

आता स्तंभलेखन. इथले गाजलेले उजवे स्तंभलेखक बघा. विल्यम सफायर आधी निक्सनची भाषणं लिहायचे, १९७३ मध्ये न्यूयॉर्क टाइम्समध्ये स्तंभ मिळाला, १९७८ मध्ये पुलित्झर. कार्ल रोव्ह यांनी १९८१ मध्ये ऑस्टिनला डायरेक्ट मेलची फर्म काढली, बुशना व्हाइट हाउसमध्ये नेलं, मग वॉल स्ट्रीट जर्नलमध्ये लिहू लागले. म्हणजे आधी आतल्या खोलीत बसायचं, मग तिथलं जग वाचकाला दाखवायचं. दिनेश डिसूझांचं उदाहरण तुम्ही दिलंत. गोव्याच्या कुटुंबातला मुंबईचा मुलगा, रोटरीतर्फे शाळकरी वयात ॲरिझोनात आला आणि रेगनच्या व्हाइट हाउसपर्यंत पोचला, हे खरं. पण तो इथल्या कॉलेजात, डार्टमथ रिव्ह्यू या विद्यार्थ्यांच्या उजव्या पत्रात तयार झाला. २०१४ मध्ये दुसऱ्यांच्या नावाने देणग्या दिल्याचा गुन्हाही त्यांनी कबूल केला. २०१८ मध्ये माफी मिळाली. तुम्ही तिशीत, कुटुंब घेऊन येणार. तुमचा रस्ता तो नव्हे.

खोलीबाहेर उभ्या असलेल्याकडे विकायला काय असतं? स्वतःचं घर.

आमचा मुलगा पाच वर्षांचा असताना आलो. शाळेच्या फॉर्मवर घरी कुठली भाषा बोलता हा रकाना होता. मराठी लिहिलं. त्यावरून त्याची इंग्रजीची परीक्षा घेतली. अनोळखी बाईंसमोर पोरगं तोंड मिटून बसलं आणि त्याला ईएसओएलमध्ये टाकलं, म्हणजे इंग्रजी न येणाऱ्यांच्या वर्गात. डोंबिवलीला तो इंग्रजी माध्यमात होता हो! रोज गोष्टीच्या तासाला त्याला वर्गातून उठवून कॉरिडॉरच्या टोकाच्या खोलीत न्यायचे, तिथे 'सफरचंद दाखव' चालायचं. मी भेटी मागितल्या, पत्रं लिहिली. पत्रं लिहिणं तर माझा धंदा. उत्तर छापील यायचं. शेजारच्या तेलुगू बाईंनी फॉर्मवर सरळ इंग्रजी लिहिलं होतं. त्यांच्या मुलीला काही त्रास नाही.

२०२१ च्या सप्टेंबरात व्हर्जिनियात गव्हर्नरपदाच्या वादसभेत डेमोक्रॅट उमेदवार टेरी मॅकॉलिफ म्हणाले की शाळेने काय शिकवावं हे पालकांनी सांगू नये. रिपब्लिकन उमेदवार यंगकिन यांचा प्रचार त्या वाक्यावर स्वार झाला, नोव्हेंबरात ते जिंकलेही. त्या दिवसांत प्रत्येक संपादकाला स्थलांतरित आई हवी होती. माझ्याकडे कॉरिडॉरच्या टोकाची खोली तयार होती. साडेसातशे शब्द एका बैठकीत लिहिले, पुष्कळ ठिकाणी छापून आले आणि माझा स्तंभ सुरू झाला. ग्रीन कार्ड तोवर झालं होतं, आता मला कोणी बैठकीतून उठवत नाही. मुलगा तेव्हा बारावीत. वर्गातल्या कोणीतरी लेख त्याला फोनवर दाखवला. घरी येऊन म्हणाला, "ते माझं होतं, आई." हल्ली तो माझं लिखाण वाचत नाही. लेख मी आजही लिहीन, तसाच.

एकटेपणाचं विचारलंत. असतो, सवय होते. मंडळाच्या गणपतीला मोदकांची यादी अजून माझ्याकडेच असते. राजकारणाचा विषय निघाला की बायका ताटं उचलायला लागतात, एवढंच.

आलात तर ऑगस्टच्या आत या, शाळा तेव्हाच सुरू होतात. फॉर्मवर काय लिहायचं ते मी सांगणार नाही. पण मुलीला त्या वर्गात टाकलंच, तर तिला बाहेर काढायचा हक्क आईबापांना आहे, लेखी नकार द्यायचा असतो. हा हक्क केंद्राच्या नियमाने मिळतो, आणि केंद्राने शाळांत नाक खुपसू नये असं मी जवळजवळ दर महिन्याला लिहिते. आम्हाला तो दुसरं वर्ष संपत आल्यावर कळला, त्या तेलुगू बाईंकडून.