‘ते वेगळे पवार’

प्रश्न असा आहे: ‘पवार हे आडनाव नक्की कोणत्या जातीचे? आणि कवी दया पवार यांचे मूळ आडनाव पवारच होते, की त्यांनी ते नंतर घेतले?’

दुसऱ्या भागाचं उत्तर आधी देते. पहिला भाग मी जन्मभर ऐकत आलेय, दुसरा मात्र जिव्हारी लागला.

घेतलं नव्हतं. जन्मापासूनचं होतं. त्यांचं नाव दगडू मारुती पवार. बदललं ते पहिलं नाव, दगडूचा दया झाला. आणि तो दगडूही त्यांनी पुसून टाकला नाही. त्यांचं आत्मकथन ‘बलुतं’ उघडून बघा, सगळं पुस्तक दगडू मारुती पवारच सांगतो आणि दया पवार ऐकतो. शूद्राचं नाव जुगुप्सित, म्हणजे किळस वाटेल असं ठेवावं, असं मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात लिहिलेलं आहे. दगडू, कचरू, धोंडू ही नावं आमच्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या कशी चालत आली, ते त्यावरून समजून घ्या. नाव त्या तऱ्हेचं होतं, म्हणून आडनावही उसनंच असणार असं तुम्हाला वाटलं का? धार-देवासच्या राजघराण्यातल्या पवारांना कुणी विचारत नाही की आडनाव कधी घेतलंत.

आता पहिला भाग. पवार मराठ्यांत आहेत, महारांत आहेत (१९५६ नंतरचे बौद्ध म्हणा), मातंगांत आहेत, चर्मकारांत आहेत. बंजाऱ्यांत राठोड, चव्हाण, जाधव यांच्याबरोबर पवार हे मोठं गोत्र आहे. पारध्यांत पवार आहेत. विदर्भात गोंदिया-भंडाऱ्याकडे पोवार ही अख्खी जातच आहे, ती वेगळी. शिंदे, जाधव, गायकवाड, मोरे यांचंही असंच. तेव्हा आडनावावरून जात कळत नाही. एवढं उत्तर पुरेसं असेल तर इथे थांबा. पुढचं मी माझ्यासाठी लिहितेय.

मी पवार. माहेरची पवार, आणि लग्नानंतरही तेच ठेवलं. आम्ही श्रीरामपूरचे. अण्णा, माझे वडील, एसटीत कंडक्टर होते. १९९५ साली मी पुणे विद्यापीठात मराठीत एम.ए. करायला आले आणि नारायण पेठेत एका वाड्यात खोली घेतली. घरमालकीण एकट्याच होत्या, मी त्यांना काकू म्हणायचे. पहिल्या दिवशी चहाचा कप हातात देत त्यांनी विचारलं, ‘पवार म्हणजे बारामतीकडचे का गं?’

मी म्हणाले, ‘हो, तिकडचेच.’

कुणी शिकवलं नव्हतं. म्हणजे, शिकवलं होतं. दादानं, माझ्या थोरल्या भावानं. तो माझ्याआधी चार वर्षं पिंपरीला कंपनीत लागला होता. स्टँडवर मला उतरवून घेताना त्यानं पहिली गोष्ट हीच सांगितली होती, की आपलं आडनाव म्हणजे छत्री आहे, पाऊस चालू असताना कशाला मिटायची? त्याचं त्याच्यापुरतं बरोबर होतं. आधी त्याला तीन खोल्या नाकारल्या गेल्या होत्या, एक तर ॲडव्हान्स दिल्यानंतर.

काकू वाईट नव्हत्या. हे लिहिणं मला भाग आहे. ताप आला तेव्हा रात्री दोनदा उठून त्यांनी माझ्या कपाळावर पट्ट्या ठेवल्या. रविवारी डोक्याला तेल लावून द्यायच्या. वाड्यात नळ एकच, चौकात, सात बिऱ्हाडांना मिळून. पाणी पहाटे साडेपाचला यायचं. काकूंच्या गुडघ्यांना जिना झेपत नव्हता, म्हणून त्यांचं प्यायचं पाणी मी भरायचे. तांब्याची कळशी चिंचेनं घासायची, नळाखाली दोनदा विसळायची, फडकं लावून भरायची, वर नेऊन पिंपात ओतायची. दीड वर्ष, रोज. दर पहाटे ती कळशी उचलताना मनात एकच यायचं: हिला कळलं तर हे पाणी ही ओतून देईल का?

दया पवारांची एक कविता आहे. पुढे कधीतरी उत्खननात विसाव्या शतकातलं एक शहर सापडतं आणि त्यात एक पाटी मिळते, की हा नळ सर्व जातिधर्मांच्या लोकांना खुला आहे. उकरणारे लोक विचारात पडतात, याचा अर्थ काय असावा? मला ती कविता तेव्हा माहीत होती. घरी त्यांचं ‘कोंडवाडा’ हे कवितांचं पुस्तक होतं. अण्णांची प्रत होती, खाकी कागदाचं कव्हर घातलेली. कोंडवाडा म्हणजे काय, ते शहरातल्यांना सांगावं लागतं: गावात मोकाट जनावरं धरून कोंडायची जागा. दंड भरून मालकानं सोडवून न्यायचं. माणसांच्या कवितांना हे नाव देणाऱ्या माणसाला आडनाव उसनं घ्यायची काय गरज होती, सांगा.

२० डिसेंबर १९९६ ला दया पवार दिल्लीत गेले. बातमी पेपरात आली तेव्हा काकू पायरीवर ऊन खात बसल्या होत्या, चष्मा लावून पेपर वाचत. मी कळशी घासत होते. काकूंनी पेपर माझ्याकडे वळवला. ‘अगं, हे पवार गेले बघ. पद्मश्री होते. तुमच्या नात्यातले का गं?’

मी म्हणाले, ‘नाही हो काकू. ते वेगळे पवार.’

त्या ‘हं’ म्हणाल्या आणि पान उलटलं.

वेगळे पवार! नातं नव्हतं हे खरंच आहे, रक्ताचं काहीच नव्हतं. पण काकूंनी काय विचारलं होतं आणि मी काय नाकारलं, ते मला कळत होतं. मराठीत एम.ए. करणारी मुलगी, बारावीच्या सुट्टीत ‘बलुतं’ दोनदा वाचलेली, आणि चिंचेचा चोथा हातात घेऊन ‘वेगळे’ म्हणाले.

त्याच आठवड्यात अण्णांना श्रीरामपूर-पुणे गाडीची ड्यूटी लागली. शिवाजीनगर स्टँडवर गाडी तास-दीड तास थांबायची. तेवढ्यात भेट व्हायची, नेहमी स्टँडवरच. अण्णा कुणाच्याही दारात उभे राहिले की पहिला शब्द ‘जय भीम’. रामराम म्हणणारालाही ते जय भीमच म्हणायचे, आणि हसून म्हणायचे. म्हणून दीड वर्षात मी त्यांना खोली दाखवली नव्हती. काकूंना पुरुष माणूस वर आलेला चालत नाही, असं सांगून ठेवलं होतं.

त्या दिवशी आम्ही स्टँडबाहेरच्या अमृततुल्यमध्ये बसलो. अण्णा खाकी कपड्यांत, छातीवर बिल्ला, तिकिटांचा पत्र्याचा ट्रे मांडीवर. पिशवीतून त्यांनी भाकरी, ठेचा आणि ‘कोंडवाडा’ काढलं. म्हणाले, ‘हे आता तुझ्याकडं ऱ्हाऊ दे. आपला माणूस गेला.’ मग चहा संपेपर्यंत काही बोलले नाहीत. उठताना म्हणाले, ‘बापाला बी चालत नाय का गं तुझ्या काकूला?’

मी काही बोलले नाही. ते तिकिटं मोजत गाडीकडे गेले. त्यांना कळलं होतं. २००१ मध्ये अण्णा गेले. ती खोली त्यांनी कधीच पाहिली नाही.

दया पवारांबद्दल नीट सांगते, कारण प्रश्नात त्यांचं नाव आहे आणि बहुतेक लोक ‘बलुतं’पाशीच थांबतात. जन्म १९३५, तेव्हाच्या अहमदनगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यात अकोले तालुक्यातलं धामणगाव. लहानपण थोडं गावात, थोडं मुंबईत कावाखाना नावाच्या वस्तीत, वडील गोदीत कामाला. शिक्षण संगमनेरला बोर्डिंगात राहून. मग मुंबईत साधी नोकरी आणि नोकरी सांभाळून कविता. ‘कोंडवाडा’ १९७४ चं, ‘बलुतं’ १९७८ चं, ग्रंथालीनं काढलेलं. म्हणजे आधी कवी, मग आत्मकथनकार. ‘बलुतं’ आलं, पुलंनी त्यावर भरभरून लिहिलं, सगळीकडे त्याचीच चर्चा झाली आणि कवी मागे पडला. हे मला मान्य नाही. ‘बलुतं’मधलं जे वाक्य आपल्याला थांबवतं, ते कवीचं वाक्य आहे. पुढे ‘चावडी’, ‘विटाळ’ असं गद्य लिहिलं, १९९० मध्ये पद्मश्री मिळाली, जब्बार पटेलांच्या आंबेडकर चित्रपटाच्या पटकथेवर काम केलं. चित्रपट पडद्यावर आला तेव्हा ते नव्हते. त्यांची मुलगी कवयित्री आहे आणि प्रज्ञा दया पवार असं नाव लावते. मधलं नाव दगडू नाही, दया. बापानं स्वतः घडवलेलं नाव तिनं पुढे नेलं.

आणि पवारांतला हा एकच कवी नव्हे. ज. वि. पवार आहेत, नामदेव ढसाळांबरोबर १९७२ मध्ये दलित पँथर उभी करणारे, तेही कवीच. ‘आयदान’ हे आत्मकथन लिहिणाऱ्या उर्मिला पवार आहेत. यांच्यातल्या कुणी आडनावाची छत्री करून तिच्याखाली अंग चोरलं नाही. लोक जिथे गप्प बसतात तिथे यांनी पुस्तकं लिहिली, तीही पूर्ण नावानं.

आमच्या नात्यात दुसरीही तऱ्हा आहे. माझ्या मावसभावानं गॅझेटमध्ये देऊन पवारचं गावावरून ‘कर’ लावलेलं आडनाव केलं. त्याला मी बोल लावत नाही, कांबळे-साळवे आडनावाच्या पोरांना नोकरीत काय ऐकावं लागतं ते मी शाळेत शिकवताना रोज पाहते. पण पवारला तेवढा त्रास नसतो. पवारला फक्त गप्प बसावं लागतं, आणि त्या गप्प बसण्याचीच सवय होते. माझं आणि दादाचं भांडण तेवढ्यावरून आहे, गेली अठ्ठावीस वर्षं.

दादाचा आता मोशीला फ्लॅट आहे. दारावर पितळी पाटी, नुसतं ‘पवार’. बाबासाहेबांचा फोटो आतल्या बेडरूममध्ये, कपाटाच्या बाजूला, दार लावलं की दिसत नाही असा. हॉलमध्ये धबधब्याचं चित्र. मी विचारलं की म्हणतो, ‘सोसायटीत राहायचंय, पोरांची लग्नं करायचीत, तुझं काय जातंय.’ पुतणीनं मागच्या वर्षी मला विचारलं, ‘आत्या, आपण मराठा ना?’ ती एकोणीस वर्षांची आहे.

तेव्हा विचारणाराला माझं सांगणं असं. तुम्ही स्वतः पवार असाल आणि आपण कुठले हे शोधत असाल तर घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारा, ऑनलाइन नको. तुम्ही घरमालक असाल, सोयरीक बघणारे असाल, तर हा प्रश्नच विचारू नका. भाडेकरूला भाडं वेळेवर देणार का, एवढं विचारा. आणि दया पवारांबद्दल खरंच उत्सुकता असेल तर आडनाव सोडा, ‘कोंडवाडा’ मिळवा. पुण्यात अप्पा बळवंत चौकात विचारा, जुन्या पुस्तकांच्या गाड्यांवर बघा, नाहीतर वाचनालयात.

दादाच्या बाजूनं एक सांगायचं राहिलं. १९९१ मध्ये ज्यानं ॲडव्हान्स घेऊन खोली नाकारली, त्यानं दादाची वळकटी जिन्यावरून खाली टाकली होती. मला ते पुष्कळ वर्षांनी वहिनीकडून कळलं. दादा त्यावर आजही बोलत नाही. मी त्याला भित्रा म्हटलंय, तोंडावर, अण्णांच्या पहिल्या स्मृतिदिनाला. तो शब्द मी मागे घेते. बाकीचं नाही.

काकूंना मी शेवटपर्यंत सांगितलं नाही. जूनमध्ये खोली सोडली तेव्हा त्यांनी ओटी भरली. आता त्या नसाव्यात, वाडाही पाडला आहे.

दादा, कुणीतरी हे तुला पाठवेलच. येत्या रविवारी मी येते. ड्रिल मशीन घेऊन येते, हॉलच्या भिंतीत खिळा जात नाही म्हणतोस ना. फोटो बाहेर लावू, आणि पोरीला आपण दोघं मिळून सांगू.