दगडमातीची प्रश्नोत्तरं : बेलडोंगराइट म्हणजे काय?

प्रश्न : ताई, नमस्कार. आमचं गाव रामटेक तालुक्यात, बेलडोंगरीच्या खदानीपासून फार लांब नाही. मुलगा नागपूरला बी.एस्सी. करतो, विषय भूशास्त्र. त्याला एका जुन्या इंग्रजी ग्रंथात 'बेलडोंगराइट' असं खनिजाचं नाव दिसलं. घरात सगळ्यांना फार आनंद झाला. पण कॉलेजात विचारलं तर सर म्हणाले, असं खनिज नाही. मग छापलं ते काय? त्या नावाचा अर्थ काय, आणि ते वापरायचं की नाही?
– एक शेतकरी वाचक, रामटेक तालुका

उत्तर : भाऊ, मुलाने वाचलं ते खरं आणि सरांनी सांगितलं तेही खरं. जरा सविस्तर लिहिते, कारण हा प्रश्न माझ्या जिव्हाळ्याचा आहे. नोकरीची सगळी वर्षं मी मँगनीजच्या खदानीच्या प्रयोगशाळेत काढली आणि बेलडोंगरीचा माल हातात घेऊन पाहिला आहे.

ते पुस्तक बहुधा लुईस ली फर्मोर यांचं असावं. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातले हे गृहस्थ १९०२ साली नोकरीवर रुजू झाले आणि पुढची काही वर्षं नागपूर, भंडारा, बालाघाट, छिंदवाडा या पट्ट्यातल्या मँगनीज खदानी त्यांनी पालथ्या घातल्या. १९०९ साली भारतातल्या मँगनीज खनिजांवरचा त्यांचा ग्रंथ निघाला, हजाराहून जास्त पानांचा. त्यात मनसर, कांद्री, सातक, लोहडोंगरी, काचुरवाही, चिखला ही आपली गावं येतात, खदानीगणिक वर्णनासह. मुलाला सांगा, तो ग्रंथ नीट वाच. आपल्या भागाबद्दल इतक्या बारकाईने लिहिलेलं फार थोडं आहे.

नावाचा अर्थ सरळ आहे. खनिजाच्या नावाला शेवटी 'आइट' लावायची रीत ग्रीकांपासून चालत आली. 'अमक्याचा दगड', 'अमक्याशी नातं असलेला' असा त्याचा भाव. ग्रीक भाषेत रक्ताला जो शब्द, त्यावरून हेमाटाइट. उगाळला की लाल उतरतो म्हणून. तेव्हा बेलडोंगराइट म्हणजे बेलडोंगरीचा दगड. फर्मोर यांना तिथे डांबरासारखा काळा, चकाकणारा पदार्थ मिळाला. स्पेसार्टीन नावाचा मँगनीजयुक्त गार्नेट (गार्नेट म्हणजे तामडा) कुजून तो झाला होता. रासायनिक तपासणीत मँगनीज, लोखंड आणि पाणी निघालं. हे आधीच्या कुठल्याच खनिजाशी जुळेना, म्हणून त्यांनी गावाचं नाव दिलं.

आता अडचण कुठे आली ते पाहा. खनिज म्हणायचं तर त्याला स्वतःची रासायनिक घडण हवी आणि आत अणूंची स्वतःची ठरलेली मांडणी हवी. १९०९ साली माणसाच्या हातात तराजू, रसायनं आणि सूक्ष्मदर्शक एवढंच होतं. क्ष-किरणांनी स्फटिकाच्या आतली मांडणी पाहता येते हे कळलं १९१२ साली. त्याआधी काळ्या, बारीक, कुजलेल्या दगडाचं पृथक्करण म्हणजे तूर आणि हरभरा एकत्र दळून त्या पिठाचा कस काढण्यासारखं होतं. आकडे बरोबर येतात, पण डाळ एक होती की दोन, हे पिठावरून सांगता येत नाही. बेलडोंगराइटचं तेच झालं. स्वतंत्र खनिज म्हणून ते टिकलं नाही आणि आजच्या मान्य यादीत ते नाव नाही.

यात बेलडोंगरीचा कमीपणा नाही, फर्मोर यांचाही नाही. त्यांनी आपल्या भागातून दिलेल्या नावांची गत वेगवेगळी झाली आणि प्रत्येकाचं कारण निराळं आहे. मुलाला परीक्षेसाठी नसलं तरी समजून घेण्यासाठी हे उपयोगी पडेल.

बेलडोंगरीच्याच मालातून त्यांनी 'व्रेडनबर्गाइट' हे आणखी एक नाव दिलं, सर्वेक्षणातले सहकारी व्रेडनबर्ग यांच्यावरून. काळं, जड, आणि लोहचुंबक जवळ नेला की टक्कन चिकटणारं. पुढे घासून गुळगुळीत केलेला तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली धरल्यावर कळलं, की ही हाउसमनाइट आणि जेकबसाइट या दोन खनिजांची एकमेकांत शिरलेली पातळ पातळ पानं आहेत. चुंबकाला चिकटतो तो त्यातला जेकबसाइट. तरीही व्रेडनबर्गाइट हा शब्द लेखनात अजून दिसतो, कारण अशा जोडरचनेला सोयीचं नाव दुसरं नाही.

छिंदवाड्याकडच्या सीतापारवरून 'सीतापाराइट' आलं. ते खरंच एकच खनिज निघालं! पण तेच खनिज १८९७ साली अमेरिकेतल्या यूटामधून 'बिक्सबाइट' या नावाने नोंदलं गेलं होतं. आधी आलेलं नाव राहतं, असा संकेत आहे, त्यामुळे सीतापारचं नाव गेलं. याचं मला अजून वाईट वाटतं. इतकं गोड नाव, आणि दगडही अस्सल. काचुरवाहीच्या 'ब्लॅनफर्डाइट'ची तर गोष्टच और. पातळ काप ध्रुवित प्रकाशात, म्हणजे एकाच दिशेने कंप पावणाऱ्या प्रकाशात, फिरवला की एका बाजूने गुलाबी-लाल आणि दुसऱ्या बाजूने आकाशी निळा दिसतो. तो पायरॉक्सीन या सिलिकायुक्त खनिजांच्या गटातल्या ओळखीच्या खनिजाचाच मँगनीजवाला प्रकार ठरला. १९८८ साली पायरॉक्सीनची नावं आवरून शंभरावर जुनी नावं काढून टाकली, त्यात तेही गेलं.

जे टिकलं ते 'हॉलंडाइट', झाबुआ जिल्ह्यातल्या काजलीडोंगरीचं. बेरियम आणि मँगनीजचं ऑक्साइड. आपल्या पट्ट्यातही ते सापडतं. त्याच्या रचनेत आरपार बोगदे असतात आणि त्यात मोठे अणू अडकून बसतात. म्हणून अणुभट्टीच्या कचऱ्यातलं सीझियम दगडात कोंडून ठेवण्यासाठी ऑस्ट्रेलियातल्या शास्त्रज्ञांनी जो कृत्रिम खडक तयार केला, त्यात याच घडणीचं खनिज आहे. मात्र एक लक्षात ठेवा, या नावाचा हॉलंड देशाशी संबंध नाही. सर्वेक्षणाचे तेव्हाचे संचालक थॉमस हेन्री हॉलंड, त्यांच्यावरून ते आलं. मराठी लेखांत 'हॉलंडचं खनिज' असं वाचलं की मला चैन पडत नाही. (याच हॉलंडसाहेबांनी कोलकात्यातल्या जॉब चार्नॉक या इंग्रज व्यापाऱ्याच्या थडग्याच्या दगडावरून 'चार्नोकाइट' हे खडकाचं नाव दिलं होतं.)

आता वापरायचं की नाही, ते सांगते. खदानीत यातलं एकही नाव कोणाच्या तोंडी नसायचं. आमच्याकडे नमुना यायचा तो कापडी थैलीत. आत चिठ्ठी, तिच्यावर खड्डा, बेंच (खदानीतली पायरी) आणि तारीख. आधी माल कुटायचा, मग लोखंडी पत्र्यावर त्याचा शंकूसारखा ढीग करायचा, वरून दाबून पोळीसारखा चपटा करायचा आणि फळीने चार भाग पाडायचे. समोरासमोरचे दोन भाग ठेवायचे, दोन काढून टाकायचे. उरलेल्याचा पुन्हा ढीग, पुन्हा चार भाग. असं करत करत पोतंभर मालातून मूठभर उरतो आणि तो सगळ्या पोत्याच्या वतीने बोलतो. फळीचा हात एका बाजूला कलला तर बारीक चुरा एकीकडे जातो, जाड खडे दुसरीकडे, आणि आकडा बिघडतो. हे काम बायकांच्या हातचं फार सुबक व्हायचं. शेवटी कागदावर उतरायचं ते मँगनीज किती टक्के, लोखंड किती, सिलिका किती, फॉस्फरस किती. व्यापारी ब्राउनाइट आहे की पायरोल्युसाइट (दोन्ही मँगनीजची खनिजं) हे विचारत नाही, टक्का विचारतो.

पण त्या थैलीतली चिठ्ठी हरवली तर सगळी मेहनत मातीत. माझं ठाम मत आहे, की दगडाच्या नावापेक्षा त्याचं ठिकाण जास्त मोलाचं. नाव उद्या बदलेल. गाव, शिवार, खड्डा आणि खोली लिहून ठेवलेली असली तर शंभर वर्षांनीही कोणी तोच दगड नव्या यंत्राखाली तपासू शकतो. व्रेडनबर्गाइटसारखी रहस्यं अशीच उलगडतात. तुकड्यांवर ठिकाण लिहिलेलं असतं म्हणून.

म्हणून मुलाने आपल्या संग्रहातल्या डब्यावर लिहावं : 'मँगनीज ऑक्साइड, काळं, डांबरी चकाकीचं, बेलडोंगरी, तालुका रामटेक, तारीख अमुक.' खाली वाटल्यास 'फर्मोर, १९०९ : बेलडोंगराइट' अशी ओळ घालावी. इतिहास सांगताना हे नाव अभिमानाने घ्यावं. आज सापडलेल्या दगडाला मात्र ते लावू नये. मराठीत 'बेलडोंगराइट' असंच लिहा. 'बेल्डाँग्राइट' वगैरे रोमन अक्षरांवरून उचललेली रूपं नकोत, गावाचं नाव आपल्याला नीट माहीत आहे.

प्रश्न : ताई, मी गोंड समाजातली, तुमसरजवळची. अभ्यासक्रमात 'गोंडाइट' शब्द आला. तो आमच्यावरून आला का? आणि 'आइट' आहे म्हणजे खनिजच ना? गोंडवना म्हणतात ते आणि हे एकच का?
– एक विद्यार्थिनी, भंडारा जिल्हा

उत्तर : होय बाई, तुमच्यावरूनच. हाही शब्द फर्मोर यांचाच, आणि हा मजेत टिकून आहे. पण तो खडक आहे, खनिज नाही. 'आइट' दोघांनाही लागतो (ग्रॅनाइट खडकच आहे), त्यामुळे घोटाळा होतो. गोंडाइटमध्ये मुख्यतः दोन खनिजं : क्वार्ट्झ, म्हणजे आपली गारगोटी, आणि स्पेसार्टीन गार्नेट. ताजा तुकडा फोडून उन्हात धरा. नारिंगी-तपकिरी बारीक कण साखरेच्या दाण्यांसारखे चमकताना दिसतील. उघड्यावर पडलेला तुकडा वरून काळा पडतो, कारण गार्नेटमधलं मँगनीज बाहेर येऊन ऑक्साइड होतं.

समुद्राच्या तळाशी साचलेला मँगनीजयुक्त गाळ पुढे खोल गाडला गेला, तापला, दाबला गेला आणि त्याचा हा खडक झाला. चिखला, डोंगरी बुजुर्ग, मनसर या खदानींचे थर सौंसर शिळासमूहातले (आपल्या पट्ट्यातल्या प्राचीन खडकांच्या गटाचं हे नाव), आणि गोंडाइट त्याच मँगनीजथरांच्या संगतीत असतो. ब्राझीलमध्ये अशाच खडकाला 'गोंडितो' म्हणतात. तुमच्या समाजाचं नाव तिथल्या भूशास्त्रज्ञांच्या तोंडी आहे, हे घरी जरूर सांग.

गोंडवना वेगळं. त्यातही नाव गोंडांच्या प्रदेशावरूनच आलं आणि ऑस्ट्रियाचे एदुआर्द झ्यूस यांनी १८८५ साली ते दक्षिणेकडच्या प्राचीन भूखंडाला दिलं. पण उमरेड, वणी, चंद्रपूरचा कोळसा ज्या गोंडवना थरांत आहे, ते गोंडाइटपेक्षा कितीतरी तरुण. उत्तरपत्रिकेत दोन्ही एक लिहिलंस तर गुण जातील.

प्रश्न : विहीर खोदताना काळा, जड दगड निघाला. एक जण म्हणतो दुर्मिळ खनिज आहे, विकून देतो. काय करू?
– एक संत्रा बागायतदार, पारशिवनी तालुका

उत्तर : भाऊ, दुर्मिळ नावाने किंमत ठरत नाही. ठरली तरी ती तपासणीच्या कागदावर ठरते. घाईने कोणाच्या हाती देऊ नका.

घरी एवढं करा. दगड धुऊन वाळवा आणि टाइलच्या मागच्या, चकाकी नसलेल्या खरखरीत बाजूवर घासा. लालसर तपकिरी रेघ आली तर लोखंडाचं हेमाटाइट. तपकिरी किंवा काळी आली तर मँगनीज असू शकतं. काळी रेघ आणि चुंबक घट्ट चिकटतो, तर बहुधा मॅग्नेटाइट. दगड सहज उगाळत नाही आणि रेघ जेमतेम करडी येते, तर आपला काळा बसाल्ट. बोटं काळी होत असतील तर पायरोल्युसाइटचा संशय घ्या आणि औषधाच्या दुकानातल्या हायड्रोजन पेरॉक्साइडचे दोन थेंब टाका. मँगनीज डायऑक्साइड असेल तर जोरात फेस येतो.

फेस आला, तर मुठीएवढा तुकडा पिशवीत घाला. आत चिठ्ठी टाका : गाव, गट क्रमांक, विहिरीत किती फुटांवर लागला, वर मुरूम होता की कठीण खडक. पिशवी घेऊन नागपूर विद्यापीठाच्या भूशास्त्र विभागात जा किंवा सेमिनरी हिल्सला भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या कार्यालयात विचारा. दुसरा तुकडा, तशीच चिठ्ठी लावून, घरी ठेवा.